जिहादी बंडांचे नायक आणि त्यांचा समाज

वसंत ऋतूतील व्याख्यानमालेत इतिहासाचा विषय म्हटला की शिवकाल, पेशवाई किंवा सत्तावन साल यांपैकी काही तरी ऐकावयास मिळेल अशी श्रोत्यांची अपेक्षा असते. आजचा विषय तितका जुना नाही आणि तितका सुखाचाही नाही. जिहादाच्या नावाने गेल्या चाळीसपन्नास वर्षांत ज्यांनी सशस्त्र बंडे उभारली ते पुढारी कोण होते, त्यांना माणसे कशी मिळाली, आणि त्यांची बंडे कशाने वाढली व कशाने मोडली, हे आपणांस पाहावयाचे आहे.

वडनेर भोलजीसारख्या हमरस्त्यावरील गावी बसून काबूल, बगदाद आणि मैदुगुरी यांची चर्चा कशाला, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर जवळच आहे. मलकापूर किंवा नांदुरा स्थानकावर गाडीत बसलेला आपला माणूस मुंबईस ज्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसवर उतरतो, त्याच स्थानकात २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री दोन बंदूकधाऱ्यांनी ५८ माणसे मारली. त्याआधी साठ वर्षे, १९४८ साली, याच बुलढाणे जिल्ह्याच्या दक्षिण सीमेपलीकडे निजामाच्या मुलखात रझाकारांची धामधूम चालू होती. तेव्हा हा विषय परदेशचा म्हणून सोडून देता येण्याजोगा नाही.

अशा बंडांचा इतिहास बहुधा नायकांच्या नावांनी सांगितला जातो. अमका पुढारी मारला गेला, तमका पकडला गेला, की बंड संपले असे आपण समजतो. पण इतिहास तसे सांगत नाही. नायक मेल्यावरही बंडे चालू राहिली आहेत, आणि नायक जिवंत असतानाच बंडे विझली आहेत. ज्या समाजाच्या नावाने नायक शस्त्र उचलतो तो समाज त्याला 'होय' म्हणतो की 'नाही', यावर पुष्कळसे अवलंबून असते. आणि त्या समाजाला 'नाही' म्हणणे शक्य आहे की नाही, हे राज्याच्या न्यायावर अवलंबून असते. माझे म्हणणे एवढेच आहे. ते आता घटनांवर घासून पाहू.

प्रथम शब्दाविषयी. 'जिहाद' या अरबी शब्दाचा मूळ अर्थ कसोशीचा प्रयत्न असा आहे. धर्मासाठी केलेले युद्ध हा त्याचा एक अर्थ झाला. त्या युद्धालाही जुन्या धर्मशास्त्रकारांनी मर्यादा घातल्या होत्या. युद्ध पुकारण्याचा अधिकार राज्यकर्त्याचा. स्त्रिया, मुले, म्हातारी माणसे व मठवासी यांना मारू नये, असे नियम होते. सगळ्या सुलतानांनी ते पाळले असे नाही. परंतु नियम होता, आणि तो मोडणारास जाब विचारणारे उलेमाही होते. आधुनिक जिहादी नायकाचे मुख्य लक्षण असे की, युद्ध पुकारण्याचा हा अधिकार तो स्वतःकडे घेतो. मागे राज्य नाही, गादी नाही, पंडितसभेची मान्यता नाही. तरी तो सर्व मुसलमानांच्या वतीने बोलतो.

आपल्या खंडात असा एक प्रयोग दोनशे वर्षांपूर्वी झाला, आणि मराठ्यांच्या इतिहासाशी त्याचा धागा आहे. रायबरेलीचे सय्यद अहमद हे तरुणपणी अमीरखान पेंढाऱ्याच्या फौजेत होते. हा अमीरखान म्हणजे यशवंतराव होळकरांचा साथीदार. १८१७ साली त्याने इंग्रजांशी तह केला आणि तो टोंकचा नवाब होऊन बसला. तेव्हा सय्यद अहमद त्याला सोडून गेले. १८२६ साली ते अनुयायांसह सिंध, कंदाहार, काबूल अशा लांबच्या वाटेने पेशावरच्या मुलखात शिखांशी लढावयास गेले. दौलतराव शिंद्यांचे मेहुणे हिंदुराव घाटगे यांस त्यांनी पत्र पाठविले होते. परक्या व्यापाऱ्यांनी राज्ये बळकावली आहेत, ती सोडविली पाहिजेत, असा त्याचा आशय होता. १८२७ च्या जानेवारीत सरहद्दीवर त्यांना इमाम म्हणून निवडण्यात आले, आणि १८३० साली पेशावर त्यांच्या हाती आले.

येथवर ही विजयाची कथा आहे. पण पठाणांना या बाहेरच्या मंडळींनी लावलेला धान्याचा दशमांश कर रुचला नाही. लग्नाच्या जुन्या चालींत त्यांनी घातलेला हात तर मुळीच रुचला नाही. १८३० च्या अखेरीस त्या गावकऱ्यांनी उठून ठिकठिकाणी नेमलेले सय्यद अहमदांचे कामगार कापून काढले. त्यानंतर ते फार दिवस टिकले नाहीत. ६ मे १८३१ रोजी बालाकोट येथे शेरसिंगाच्या शीख फौजेने त्यांना ठार केले. इतिहासाची पुस्तके बालाकोटची लढाई सांगतात. परंतु बंडाचा कणा त्याआधी काही महिने, त्यांच्याच धर्माच्या गावकऱ्यांनी मोडला होता. त्यांच्या नावाने पुढे अनेक वर्षे सरहद्दीवर चकमकी होत राहिल्या. पण राज्य म्हणून ते उभे राहिले नाही.

आता आपल्या अंगणात येऊ. वऱ्हाडचा कारभार १८५३ च्या तहाने इंग्रजांकडे गेला असला, तरी नावाची मालकी निजामाचीच होती, आणि त्याच्या युवराजाला 'प्रिन्स ऑफ बेरार' हा किताब १९३६ पासून होता. सिंदखेडराजा आणि देऊळगावराजा ओलांडले की प्रत्यक्ष निजामी अंमल लागे. त्या अंमलात १९४६ साली इत्तेहादुल मुसलमीन या संघटनेचे अध्यक्षपद कासीम रझवी याच्याकडे आले. हा लातूरला वकिली करणारा, अलीगढला शिकलेला मनुष्य. रझाकारांचे स्वयंसेवक दल त्याच्या आधीच स्थापन झाले होते. रझवीने त्याचे सैन्यात रूपांतर केले. लाल किल्ल्यावर आसफजाही निशाण फडकविण्याची भाषा तो जाहीर सभांतून करी.

रझाकारांना आजच्या अर्थाने जिहादी बंडखोर म्हणणे काटेकोर होणार नाही. त्यांचे बंड राजाविरुद्ध नव्हते; राजाचे सिंहासन राखण्यासाठी ते होते. तरीही साम्य लक्षात घेण्याजोगे आहे. 'अनल मलिक', म्हणजे संस्थानातील प्रत्येक मुसलमान हाच राज्यकर्ता, अशी शिकवण इत्तेहादने दिली होती. रिकाम्या पोटी राबणाऱ्या गरीब मुसलमानाला तिने खोटा अभिमान दिला आणि हाती बंदूक दिली. मराठवाड्यातील गावे लुटली गेली, माणसे मारली गेली, आणि कुटुंबेच्या कुटुंबे सरहद्द ओलांडून वऱ्हाडात व इतर मुलखात आश्रयाला आली.

या सर्व काळात सगळे मुसलमान गप्प होते काय? नव्हते. १९४८ च्या ऑगस्टमध्ये सात मुसलमान गृहस्थांनी रझाकारांचा निषेध करणारे व हिंदी संघराज्यात सामील होण्याची मागणी करणारे पत्रक काढले. हैदराबादच्या 'इमरोज' या उर्दू दैनिकाचे तरुण संपादक शोएबुल्ला खान यांनी त्याला प्रसिद्धी दिली आणि आपल्या लेखणीनेही तेच म्हटले. २१ ऑगस्टच्या रात्री घरी परतत असताना त्यांच्यावर हल्ला झाला; गोळ्या घातल्या आणि लिहिणारा हात तोडला. दुसऱ्या दिवशी ते वारले. जो 'नाही' म्हणतो त्याला सर्वांआधी मारावयाचे, ही अशा नायकांची रीत आहे. शत्रूपेक्षा स्वकीयाचा नकार त्यांना अधिक भयंकर वाटतो, याची ही कबुलीच म्हणावयाची.

१३ सप्टेंबर १९४८ रोजी हिंदी फौजा संस्थानात शिरल्या आणि १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली. पाच दिवसांत रझवीचे साम्राज्य कोसळले. त्याच्यावर रीतसर खटले झाले, शिक्षा झाली, १९५७ साली सुटून तो पाकिस्तानात गेला, आणि १९७० साली कराचीत वारला. नायकाची ही अखेर तुलनेने सौम्य म्हणावी लागेल. त्याच्यापायी मेलेल्यांची अखेर तशी नव्हती. पोलीस कारवाईच्या सुमारास व नंतर उस्मानाबाद, नांदेड, बीदर आणि गुलबर्गा या जिल्ह्यांत सूडाचा जो वणवा पेटला, त्यात किती तरी मुसलमान मारले गेले. त्यांतल्या पुष्कळांचा रझाकारांशी काही संबंध नव्हता. सरकारने पाठविलेल्या पंडित सुंदरलाल समितीने मृतांचा अंदाज सत्तावीस ते चाळीस हजार असा केला, आणि तिचा अहवाल अनेक दशके प्रसिद्ध झाला नाही. रझाकारांचे अत्याचार आपल्याकडे घरोघर सांगितले जातात, आणि ते खरे आहेत. त्यांच्या पुढचे हे पानही खरे आहे. इतिहास सांगणाराने दोन्ही पाने वाचली पाहिजेत.

आधुनिक जिहादी संघटनांचा जन्म याच्यानंतर तीस वर्षांनी, अफगाणिस्तानात झाला. १९७९ च्या डिसेंबरात रशियाच्या फौजा तेथे उतरल्या. त्यांच्याशी लढणाऱ्या अफगाणांना अमेरिकेने व सौदी अरबस्तानाने पैसा आणि शस्त्रे पुरविली. ती पाकिस्तानच्या लष्करी हेरखात्याच्या हातून वाटली जात. याच सुमारास पेशावरात अब्दुल्ला अझ्झाम नावाचा एक पॅलेस्टिनी धर्मशास्त्राचा अध्यापक आला. मुसलमानी भूमीवर परक्याने पाय ठेवला असता लढणे हे प्रत्येक मुसलमानाचे व्यक्तिगत कर्तव्य आहे. त्यासाठी आईबापांची परवानगीही नको, असे त्याने १९८४ च्या सुमारास प्रतिपादन केले. जुन्या शास्त्राने राज्यकर्त्याच्या हाती ठेवलेली किल्ली त्याने अशा रीतीने वाटेल त्याच्या हाती दिली. अरब स्वयंसेवकांची व्यवस्था पाहणारे एक कार्यालय त्याने उघडले, आणि त्याला पैसा पुरविणारांत बांधकामाच्या ठेकेदारीतून गबर झालेल्या घराण्यातील ओसामा बिन लादेन हा होता. १९८९ साली अझ्झाम पेशावरात बॉम्बस्फोटात मारला गेला. त्याचे मत मात्र मेले नाही.

या नायकांची यादी पाहिली तर एक गोष्ट डोळ्यांत भरते. लादेन धनिकाचा मुलगा. त्याचा सहकारी आयमान अल-जवाहिरी हा कैरोचा शस्त्रवैद्य. 'लष्कर-ए-तैयबा'चा संस्थापक हाफीज सईद हा लाहोरच्या अभियांत्रिकी विद्यापीठात इस्लामी विषय शिकविणारा प्राध्यापक. इराक-सीरियात खिलाफत जाहीर करणारा अबू बक्र अल-बगदादी हा कुराणविद्येचा पदवीधर पंडित. मुल्ला उमरसारखे खेड्यातील गरीब मुल्ला या यादीत थोडे. उलट मरावयास पाठविलेली मुले पाहिली तर ती बहुतेक निराळ्या थरातील. मुंबईत जिवंत सापडलेला अजमल कसाब हा पाकिस्तानी पंजाबातील फरीदकोट गावचा, शाळा अर्धवट सोडलेला, मजुरी करून पोट भरणारा एकवीस वर्षांचा पोरगा होता. प्राध्यापकाने व्याख्यान द्यावे आणि मजुराने मरावे, अशी ही विभागणी आहे.

मुंबईवरील हल्ल्यात ती उघडी पडली. दहा तरुण कराचीहून समुद्रमार्गे निघाले. वाटेत 'कुबेर' नावाची हिंदी मच्छिमार नौका त्यांनी बळकावली, तिच्या तांडेलाला मारले, आणि २६ नोव्हेंबरच्या रात्री ते कुलाब्याच्या कोळीवस्तीजवळ उतरले. २९ तारखेच्या सकाळपर्यंत १६६ माणसे मेली. या सर्व वेळात कराचीत बसलेले सूत्रधार टेलिफोनवरून त्यांना सूचना देत होते. ओलिसांना केव्हा मारावे, आग कोठे लावावी, शरण जाऊ नये, हे सांगत होते. आपल्या यंत्रणांनी ती संभाषणे टिपली आणि ती न्यायालयापुढे आली. सांगणारा सुरक्षित खोलीत होता आणि ऐकणारा मरणार होता.

यात आपल्या मराठी मुलखाला लाज वाटावी असा एक भाग आहे. त्या कराचीच्या कटात सामील असल्याचा आरोप ज्यांच्यावर ठेवण्यात आला, त्यांत बीड जिल्ह्यातील गेवराईचा झबीउद्दीन अन्सारी हा एक होता. त्याआधी २००६ च्या मे महिन्यात औरंगाबाद शस्त्रसाठ्याच्या प्रकरणात चांदवड-मनमाड रस्त्यावर पोलिसांनी तीस किलो आर.डी.एक्स. व रायफली पकडल्या, तेव्हा तो निसटला होता. २०१२ साली तो सौदी अरबस्तानातून हिंदुस्थानात आणला गेला आणि २०१६ साली शस्त्रसाठ्याच्या खटल्यात त्याला जन्मठेप झाली. मराठवाड्यातील एका लहान गावचा मुलगा या वाटेला लागू शकतो, हे आपण डोळ्यांआड करू नये.

पण त्याच रात्रीचा मराठी मुलूख एवढाच नव्हता. नागपुरास अभियांत्रिकी शिकलेले हेमंत करकरे, अशोक कामटे आणि विजय साळसकर हे अधिकारी धारातीर्थी पडले. सातारा जिल्ह्यातील केडंबे गावचे साहाय्यक फौजदार तुकाराम ओंबळे यांनी गिरगाव चौपाटीवर कसाबच्या रायफलीची नळी हातांनी धरून ठेवली. अंगात गोळ्या शिरल्या तरी त्यांनी ती सोडली नाही. म्हणून तो जिवंत सापडला, आणि म्हणूनच पुढचा खटला उभा राहिला. स्थानकावर पडलेल्यांत मुसलमान प्रवासीही पुष्कळ होते. ज्या धर्माच्या नावाने गोळ्या सुटल्या, त्या धर्माची माणसे त्याच फलाटावर मेली.

त्यानंतर दोन गोष्टी घडल्या. माझ्या मते त्या हल्ल्याइतक्याच इतिहासात नोंदण्याजोग्या आहेत.

पहिली गोष्ट दफनाची. नऊ हल्लेखोर मारले गेले होते. त्यांना मूठमाती देण्याचा प्रश्न आला तेव्हा मरीन लाइन्सच्या बडा कबरस्तानाची व्यवस्था पाहणाऱ्या मुंबईच्या जामा मशीद ट्रस्टने स्पष्ट नकार दिला. निरपराधांना मारणारे हे लोक मुसलमान म्हणवून घेण्यास पात्र नाहीत, आमच्या जमिनीत त्यांना जागा नाही, अशी भूमिका ट्रस्टने घेतली, आणि शहरातील इतर मुसलमान संस्थांनी तिला पाठिंबा दिला. ती प्रेते वर्षाहून अधिक काळ जे. जे. रुग्णालयाच्या शवागारात पडून राहिली. अखेर २०१० च्या जानेवारीत सरकारने ती गुप्तपणे पुरली, आणि एप्रिलमध्ये गृहमंत्री आर. आर. पाटील यांनी ते जाहीर केले. मृताला मूठमाती देणे हे मुसलमान समाजाचे सामुदायिक कर्तव्य आहे. ते नाकारणे म्हणजे या माणसांचे हौतात्म्य नाकारणे. हाफीज सईदला कोणत्याही फौजेने दिले नसते असे उत्तर मुंबईच्या कबरस्तानाच्या विश्वस्तांनी दिले.

दुसरी गोष्ट न्यायालयाची. कसाबवर न्यायाधीश एम. एल. टहलियानी यांच्यापुढे उघड खटला चालला. त्याला वकील देण्यात आला. ३ मे २०१० रोजी तो दोषी ठरला. उच्च न्यायालयाने व सर्वोच्च न्यायालयाने निकाल कायम केला. आणि २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्याच्या तुरुंगात त्याला फाशी झाली. याच निकालात दोन हिंदी मुसलमान आरोपींना पुरेसा पुरावा नाही म्हणून न्यायालयाने या खटल्यातून निर्दोष सोडले, आणि वरच्या दोन्ही न्यायालयांनी ती सुटकाही कायम केली, हे फार थोड्यांच्या ध्यानात आहे. सारा देश संतापलेला असताना न्यायाधीशाने पुरावा तोलून पाहिला. हिंदुस्थानात मुसलमानाला न्याय मिळत नाही, हे जिहादी नायकांचे सर्वांत धारदार हत्यार असते. त्या दिवशी ते हत्यार बोथट झाले. पाकिस्तानात पुढे हाफीज सईदला २०२० व २०२२ साली शिक्षा झाल्या. पण त्या बंडाला पैसा पुरविल्याबद्दल, मुंबईच्या खुनांबद्दल नव्हेत.

समाजाचा नकार आणि राज्याचा न्याय ही जोडी हिंदुस्थानाबाहेरही तपासून पाहू. अबू मुसाब अल-झरकावी हा जॉर्डनमधील झरका गावचा. इराकमध्ये अल-कायदाचा नायक होऊन त्याने अमेरिकनांइतकीच शिया मुसलमानांची कत्तल आरंभिली. ९ नोव्हेंबर २००५ रोजी त्याच्या माणसांनी अम्मानच्या तीन हॉटेलांत स्फोट केले. त्यांत एका लग्नाची मंडळीही सापडली. तेव्हा त्याच्याच खलायला कुळातील लोकांनी वर्तमानपत्रांत जाहिरात देऊन त्याच्याशी असलेले नाते तोडले. २००६ च्या जूनमध्ये अमेरिकन विमानांनी त्याला मारले. तरी त्याची संघटना मोडली ती त्यानंतर, जेव्हा अन्बार प्रांतातील सुन्नी टोळ्यांनी शेख अब्दुल सत्तार अबू रीशा यांच्या पुढाकाराने तिच्याविरुद्ध शस्त्र उचलले तेव्हा. सरदेशमुखांनी पेंढाऱ्याला गावाबाहेर काढावे तसा हा प्रकार होता.

परंतु कथा तेथे थांबत नाही. या टोळीवाल्यांना नोकऱ्या व मान देण्याचे वचन बगदादच्या सरकारने नीट पाळले नाही. सुन्नी पुढाऱ्यांची धरपकड झाली, निदर्शकांवर गोळ्या चालल्या. ज्यांनी 'नाही' म्हटले होते ते उघडे पडले. मग तोच मेलेला पक्ष बगदादीच्या हाताखाली पुन्हा उठला आणि १० जून २०१४ रोजी त्याने मोसुल शहर घेतले. त्याची खिलाफत मोडावयास २०१९ चा मार्च उजाडला, आणि मोसुल उद्ध्वस्त झाले. समाजाचा नकार एकदा मिळाला म्हणजे तो कायमचा मिळाला असे नाही. तो जपावा लागतो.

नायजेरियात तर उलटाच धडा मिळाला. मैदुगुरी शहरात मोहम्मद यूसुफ नावाच्या उपदेशकाने जो पंथ जमविला त्याला लोक 'बोको हराम' म्हणत. २००९ साली त्याने उठाव केला. सरकारने तो दडपला आणि यूसुफला पकडले. ३० जुलै रोजी तो पोलिसांच्या ताब्यात असतानाच मारला गेला. खटला नाही, साक्ष नाही, निकाल नाही. त्याच्या जागी अबू बकर शेकाऊ आला, आणि तो यूसुफपेक्षा शतपटीने क्रूर निघाला. २०१४ च्या एप्रिलमध्ये चिबोकच्या शाळेतून २७६ मुली पळविणारा तोच. बेकायदा गोळीने एक उपदेशक मेला; त्याच्या मोबदल्यात देशाला एक दशकाहून अधिक काळ युद्ध मिळाले. शेकाऊ २०२१ साली मेला तो सरकारी फौजेच्या हातून नव्हे, तर दुसऱ्या जिहादी गटाशी लढताना. आपल्याच लोकांना काफिर ठरविण्याची सवय लागली की शेवटी सोबतीही शत्रू होतात.

येथे एक आक्षेप घेता येईल, आणि तो प्रामाणिकपणे विचारात घेतला पाहिजे. अफगाणिस्तानात तालिबानांना पुष्कळ लोकांचा विरोध होता. जगातील बलाढ्य फौज त्यांच्याविरुद्ध वीस वर्षे लढली. तरी १५ ऑगस्ट २०२१ रोजी त्यांनी काबूल घेतले. मुल्ला उमर २०१३ साली मेला, दोन वर्षे ती बातमी लपविण्यात आली, आणि बंड चालूच राहिले. मग समाजाचा नकार कोठे गेला? याचे उत्तर अफगाण खेड्यांत सापडते. तेथील सरकारी कचेरीत जमिनीचा तंटा नेला तर लाच द्यावी लागे आणि वर्षे जात. तालिबानांचा काजी झाडाखाली बसून दोन दिवसांत निकाल देई. तो निकाल कठोर असे, स्त्रियांना तर त्यात थारा नसे. पण तो मिळे आणि त्याची अंमलबजावणी होई. शिवाय सीमेपलीकडे पाकिस्तानात त्यांना पाठीशी घालणारे होते. ज्यांना तालिबान नको होते, त्यांना ज्याच्या आधाराने नकार द्यावा असे राज्यच उरले नव्हते. हा आक्षेप माझ्या म्हणण्याला छेद देत नाही. त्याची दुसरी बाजू दाखवितो. न्यायाचे स्थान रिकामे राहिले की बंडखोर ते भरून काढतो.

अलीकडची गोष्ट सांगतो. २२ एप्रिल २०२५ रोजी काश्मिरात पहलगामजवळ बंदूकधाऱ्यांनी २६ माणसे मारली. त्यांत महाराष्ट्रातील सहा जण होते. हिंदू पुरुष निवडून मारण्यात आले. त्यांना वाचविण्यासाठी धावलेला तेथलाच एक मुसलमान घोडेवालाही मारला गेला. दुसऱ्या दिवशी काश्मीर खोऱ्यात बाजार बंद राहिले, आणि ते बंदूकधाऱ्यांच्या निषेधार्थ बंद राहिले. ज्या खोऱ्यात अनेक वर्षे बंद पाळले जात ते दिल्लीच्या विरोधात, तेथे हे घडले. मुंबईच्या कबरस्तानाने २००८ साली जो नकार दिला, त्याचेच हे भावंड आहे. अशा वेळी देशाच्या इतर भागांत काश्मिरी विद्यार्थ्यांना घरे सोडावयास लावणारे लोक कोणाचे काम करतात, हे प्रत्येकाने आपल्याशी विचारावे.

श्रोतेहो, सरकारने काय करावे हे सांगणारे पुष्कळ आहेत. सीमा राखणे, शस्त्रे पकडणे, नायकाला शिक्षा देणे, ही राज्याची कामे आहेत आणि ती त्याने कठोरपणे केलीच पाहिजेत. बालाकोटपासून बगदादीपर्यंत फौजेशिवाय कोणतेही बंड मोडलेले नाही. परंतु फौज जेथे पोहोचत नाही असे काही काम आपल्यासारख्या गावांतील आणि पेठांतील लोकांकडे येते. बातमी येते, संताप येतो, आणि शेजारच्या मोहल्ल्याकडे पाहण्याची दृष्टी एका रात्रीत बदलते. त्या रात्रीच नायकाचा जय किंवा पराजय ठरतो. तो कराचीत किंवा रक्कात बसून हेच म्हणत असतो, की तुमचा शेजारी तुम्हांला कधी आपला मानणार नाही. शोएबुल्ला खानाच्या रक्ताने, मरीन लाइन्सच्या विश्वस्तांनी आणि पहलगामच्या घोडेवाल्याने त्याचे म्हणणे खोटे पाडले. १९४८ च्या सूडात मराठवाड्यातील गावांनी ते काही काळ खरे ठरविले. पुढे कधी अशी वेळ आली तर आपल्या गावाने कोणती बाजू घ्यावी, हे शांतपणाच्या दिवसांतच ठरवून ठेवलेले बरे.